बारा मिनिटांत पन्नास हॉट डॉग: ताकेरू कोबायाशींची कारकीर्द

न्यूयॉर्कच्या कोनी आयलंडवर दर ४ जुलैला नेथन्स फेमस या खाद्यकंपनीची हॉट डॉग, म्हणजे लांब पावात घातलेले सॉसेज, खाण्याची स्पर्धा भरते. ती १९१६ पासून चालत आल्याची कथा प्रसिद्धीवाल्यांनीच रचली होती. नोंदी सापडतात त्या १९७२ पासूनच्या. २००० साली इथला विक्रम होता १२ मिनिटांत २५ हॉट डॉग आणि वर एक छोटा तुकडा. पुढच्याच वर्षी जपानमधल्या नागानोच्या ताकेरू कोबायाशी या २३ वर्षांच्या सडपातळ तरुणाने ५० संपवले. आकड्यांच्या पाट्या संपल्या, आयोजकांना हाताने आकडे लिहून दाखवावे लागले.

यात भुकेपेक्षा अभ्यास जास्त होता. सॉसेज आणि पाव एकत्र चावले की कोरडा पाव लाळ शोषतो, घास तोंडात घोळत राहतो आणि वेळ तिथेच जातो. कोबायाशींनी दोन्ही वेगळे केले. सॉसेज मधोमध मोडून दोन्ही तुकडे एकदम तोंडात. पाव कोमट पाण्यात बुडवून, पिळून, गोळा करून गिळायचा. भिजलेल्या पावातली हवा निघून जाते आणि घोटभर पाण्यासाठी वेगळे थांबावे लागत नाही. अन्न पोटात नीट बसावे म्हणून उभ्याउभ्या अंगाला हेलकावे द्यायचे. घास उलटून बाहेर आला तर खेळाडू बाद, म्हणून वेगाइतकाच श्वासावर ताबा हवा.

पोट ताणण्यासाठी या क्षेत्रात भरपूर पाणी थोड्या वेळात पिण्याचा सराव करतात, आणि खरा धोका तिथेच आहे. रक्तातले सोडियम एकदम घसरले तर मेंदूला सूज येते, जीवही जाऊ शकतो. पेनसिल्व्हेनिया विद्यापीठातील डॉक्टरांनी २००७ मध्ये एका स्पर्धकाचे पोट क्ष-किरणांखाली पाहिले. ३६ हॉट डॉगनंतर ते सैल पिशवीसारखे फुगले होते आणि त्याचे आकुंचन जवळपास दिसत नव्हते. अशा पोटाला पुढे अन्न पुढे ढकलणे कायमचे अवघड होईल, अशी भीती त्यांनी व्यक्त केली. जपानमध्ये २००२ साली भरभर खाण्याची नक्कल करताना एक शाळकरी मुलगा पाव घशात अडकून दगावला. त्यानंतर तिथल्या वाहिन्यांनी असे कार्यक्रम काही काळ थांबवले.

कोबायाशी सलग सहा वेळा जिंकले. २००७ मध्ये जबड्याच्या सांध्याचे दुखणे घेऊन ते उतरले आणि जोई चेस्टनट या अमेरिकी स्पर्धकाकडून ६३ विरुद्ध ६६ असे हरले. २००८ पासून वेळ १० मिनिटांवर आली. त्या वर्षी दोघेही ५९ वर थांबले आणि पाच हॉट डॉगच्या जादा फेरीत चेस्टनट सरस ठरला. २०१० मध्ये आयोजकांशी कराराचा वाद झाला. इतरत्र खेळण्यावरची बंधने कोबायाशींना मान्य नव्हती. त्या वर्षी ते प्रेक्षक म्हणून आले, मंचावर चढले आणि पोलिसांनी त्यांना पकडले. खेळाला धंद्याचे रूप ज्याच्यामुळे आले, त्यालाच या मंचावर पुन्हा जागा मिळाली नाही, ही गोष्ट खटकते.

२०२४ च्या मे महिन्यात, आपल्याला भूकच जाणवत नाही असे सांगून, त्यांनी निवृत्तीची घोषणा केली. तरी सप्टेंबरात लास व्हेगासला चेस्टनटशी शेवटची गाठ पडली. नियम असा होता की पाव पाण्यात बुडवायचा नाही आणि सॉसेज पावापासून वेगळे करायचे नाही. चेस्टनटने १० मिनिटांत ८३ खाल्ले, तर ४६ वर्षांच्या कोबायाशींनी ६६.