मूल्यवर्धित कर विवरणपत्र

मूल्यवर्धित कर विवरणपत्र : नोंदणीकृत व्यावसायिकाने ठरावीक मुदतीत विक्रीवर आकारलेला आणि खरेदीवर भरलेला कर यांचा हिशेब मांडून कर प्रशासनाकडे केलेले निवेदन. व्यवहारात यालाच व्हॅट रिटर्न म्हणतात. दोन्ही रकमांतला फरक या निवेदनाच्या आधारे सरकारला भरला जातो किंवा सरकारकडून परत मागितला जातो. मोठ्या कंपनीत हे काम लेखाविभागाकडे असते. एकटा भाषांतरकार, सुतार किंवा छायाचित्रकार यांच्याकडे मात्र काम करणारा, बिल फाडणारा आणि विवरणपत्र भरणारा माणूस एकच असतो. प्रस्तुत नोंद मुख्यतः अशा माणसाच्या बाजूने लिहिली आहे.

हा कर व्यावसायिकाच्या नफ्यावर नसतो. मालाच्या किंवा सेवेच्या प्रवासात प्रत्येक टप्प्यावर तो थोडाथोडा वसूल होतो आणि त्याचा भार शेवटी ग्राहकावर पडतो. समजा, दर २० टक्के आहे. सुताराने एका तिमाहीत १०,००० ची कामे केली. त्यावर ग्राहकांकडून २,००० कर घेतला. लाकूड, खिळे आणि हत्यारे ४,००० ची आणली. त्यावर ८०० कर दिला. विवरणपत्रात तो २,००० देय दाखवतो, ८०० ची वजावट घेतो आणि १,२०० भरतो. गणित शाळकरी मुलालाही जमेल इतके सोपे आहे, तरीही या कागदाची धास्ती असते. कारण ते १,२०० तीन महिने सुताराच्याच खात्यात, त्याच्या कमाईत मिसळून पडलेले असतात आणि रोज शिल्लक पाहताना ते आपलेच वाटू लागतात. जाणते व्यावसायिक म्हणूनच पैसे आले की कराचा भाग त्याच दिवशी वेगळ्या खात्यात वळवतात. या विषयात एवढी एकच सवय लावून घेतली, तरी निम्मा त्रास टळतो.

एकूण उलाढालीवर टप्प्याटप्प्याने कर लावला की करावर कर चढत जातो. हा दोष काढण्याची कल्पना विसाव्या शतकाच्या पहिल्या चतुर्थांशात जर्मन उद्योजक विल्हेल्म फॉन सीमेन्स आणि अमेरिकी अर्थशास्त्रज्ञ टॉमस अ‍ॅडम्स यांनी स्वतंत्रपणे मांडली होती. तिला कायद्याचे रूप फ्रान्समध्ये १९५४ साली, मोरिस लोरे या कर अधिकाऱ्याच्या पुढाकाराने मिळाले. सुरुवातीला किरकोळ विक्रेते या कराबाहेर होते. १९६८ मध्ये ते आत आले. लहान दुकानदाराच्या हाती विवरणपत्र पडले ते तेव्हापासून. डेन्मार्कने १९६७ मध्ये आणि ब्रिटनने १९७३ मध्ये हा कर लागू केला. आज दीडशेहून अधिक देशांत तो आहे. अमेरिकेत मात्र संघराज्य पातळीवर नाही. भारतात २०१७ पासून असलेला वस्तू व सेवा करही याच तत्त्वावर चालतो, फक्त त्याची विवरणपत्रे वेगळ्या नावांची व रचनेची आहेत.

उलाढाल ठरावीक मर्यादेच्या आत असलेल्यांना बहुतेक देश नोंदणीतून सूट देतात. ब्रिटनमध्ये ही मर्यादा एप्रिल २०२४ पासून ९०,००० पौंड आहे. संयुक्त अरब अमिरातीत ती ३,७५,००० दिरहम आहे. मर्यादेखाली राहणाऱ्याला स्वेच्छेनेही नोंदणी करता येते. ज्याचे ग्राहक स्वतः नोंदणीकृत आहेत आणि ज्याची खरेदी मोठी आहे, त्याला ती फायद्याची ठरते. घरगुती ग्राहकांना सेवा देणाऱ्याला बहुधा नाही, कारण त्याचा दर तेवढ्याने चढतो आणि ग्राहकाला त्याची वजावट मिळत नाही.

विवरणपत्राची मुदत कोठे महिन्याची, कोठे दोन महिन्यांची असते. लहानांसाठी ती बहुधा तिमाहीची असते. ब्रिटनमध्ये तिमाही संपल्यावर एक महिना आणि सात दिवसांत विवरणपत्र व पैसे दोन्ही पोचावे लागतात. जर्मनीत पुढच्या महिन्याच्या १० तारखेपर्यंत आगाऊ विवरणपत्र द्यायचे आणि वर्षाअखेर वार्षिक विवरणपत्रात सगळ्याचा मेळ घालायचा, अशी रीत आहे. स्पेनमध्ये पहिल्या तीन तिमाहींचा अर्ज क्रमांक ३०३ त्यापुढील महिन्याच्या २० तारखेपर्यंत आणि शेवटच्या तिमाहीचा ३० जानेवारीपर्यंत भरतात.

लहान व्यावसायिकाला खरा फटका बसतो तो तारखांच्या खेळात. सर्वसाधारण नियमानुसार कर देय होतो तो बिलाच्या तारखेला. पैसे हाती आले की नाहीत, याच्याशी त्याचा संबंध नसतो. तिमाहीच्या शेवटच्या आठवड्यात मोठे बिल दिले आणि ग्राहकाने दोन महिने पैसे थकवले, तर न मिळालेल्या पैशांवरचा कर पदरचा भरावा लागतो. मोठा ग्राहक उशिरा पैसे देतो आणि त्याच बिलावरची वजावट मात्र त्याच तिमाहीत घेतो. म्हणजे मोठ्याच्या उधारीला लहानाची गंगाजळी पुरवली जाते, आणि हा या पद्धतीतला सर्वांत मोठा अन्याय आहे. त्यावरचा उतारा म्हणजे रोख आधारावरील हिशेब. त्यात पैसे मिळाल्यावरच कर देय होतो. उलट खरेदीचे पैसे चुकते केल्यावरच वजावट मिळते. ब्रिटनमध्ये वार्षिक करपात्र उलाढाल साडेतेरा लाख पौंडांपर्यंत असलेल्याला ही सवलत घेता येते. ज्याचे ग्राहक उधारीवर काम घेतात त्याने तिचा विचार अवश्य करावा. जो रोखीने विकतो आणि उधारीने खरेदी करतो, त्याचा मात्र तिच्यात तोटाच आहे.

खरेदीच्या बाजूला नियम अधिक काटेकोर असतात. वजावटीसाठी पुरवठादाराचे नाव, त्याचा नोंदणी क्रमांक, तारीख आणि कराची रक्कम दाखवणारे रीतसर बिल लागते. नुसती कार्डाची पावती किंवा बँकेची नोंद सहसा पुरत नाही. खरेदी व्यवसायासाठी असावी लागते. घर आणि कामाची जागा एकच असेल, तर दूरध्वनी, वीज, संगणक यांवरील कराचा व्यवसायापुरता वाजवी हिस्साच घेता येतो. तो कसा काढला, हे त्याच वेळी लिहून ठेवावे, कारण चार वर्षांनी तपासणी आली की ते आठवत नाही. पाहुण्यांच्या सरबराईचा खर्च आणि प्रवासी मोटारीची खरेदी यांवरील वजावट अनेक देश नाकारतात किंवा कापतात.

शून्य दराचा माल आणि करमुक्त सेवा यांचीही गल्लत होते, कारण दोन्हीत ग्राहकाकडून कर घ्यायचा नसतो. शून्य दरात मात्र खरेदीवरील कर परत मिळतो. करमुक्त व्यवहारात मिळत नाही. निर्यात करणारा कारागीर दर तिमाहीला परतावा मागू शकतो तो यामुळेच. परदेशी कंपनीकडून सॉफ्टवेअर किंवा जाहिरात विकत घेणाऱ्या नोंदणीकृत व्यावसायिकाला आणखी एक नियम लागतो : विक्रेत्याऐवजी खरेदीदारानेच त्यावरचा कर देय म्हणून दाखवायचा आणि पात्र असल्यास त्याच विवरणपत्रात वजाही करायचा. भरणा शून्य होतो म्हणून अनेक जण ही नोंद गाळतात. तपासणीत नेमकी ती सापडते.

प्रत्यक्ष अर्ज छोटा असतो. ब्रिटिश विवरणपत्रात फक्त नऊ रकाने आहेत. पहिल्या पाचांत कर, उरलेल्या चारांत कर वगळून व्यवहारांच्या रकमा. रकाने थोडे म्हणून चुका थोड्या, असे नाही. करासह किमतीतून कर वेगळा काढताना सर्रास चूक होते. दर २० टक्के असेल, तर १२० मधला कर २४ नव्हे, २० असतो; म्हणजे करासह रकमेचा सहावा भाग, पाचवा नव्हे. परत आलेल्या मालाची क्रेडिट नोट विसरणे, एकच बिल दोनदा धरणे, पगार किंवा कर्जाचा हप्ता खरेदीत मिळवणे, याही नेहमीच्याच. सादर करण्यापूर्वी मागील तिमाहीचे आकडे शेजारी ठेवून पाहावेत आणि बँक खात्याशी ताळमेळ घालावा. एखादा आकडा खटकला, तर बहुतेक वेळा त्यामागे चूकच निघते.

वह्यांचा हा भार हलका करण्यासाठी काही ठिकाणी ठोक दराची योजना असते. तीत खरेदीचा तपशील न मांडता करासह उलाढालीवर व्यवसायनिहाय ठरलेला टक्का भरायचा. ज्याची खरेदी नगण्य आहे त्याला ती सोपी पडते.

व्यवहार झाला नसला, तरी नोंदणी चालू असेपर्यंत निरंक विवरणपत्र द्यावेच लागते. उशिराची शिक्षा देशागणिक वेगळी. ब्रिटनने जानेवारी २०२३ पासून गुण पद्धत आणली : दर उशिराला एक गुण, आणि तिमाही विवरणपत्र भरणाऱ्याचे चार गुण झाले की २०० पौंड दंड. भरणा चुकल्यास व्याज आणि दंड वेगळा. म्हणून हातात पैसे नसले, तरी विवरणपत्र वेळेवर द्यावे आणि हप्ते मागून घ्यावेत. पैसे नाहीत म्हणून विवरणपत्रही अडवून ठेवणाऱ्याला दोन्ही बाजूंनी मार बसतो. जुनी चूक आपणहून कळवणाऱ्याशी प्रशासन बहुधा सौम्यपणे वागते. ब्रिटनमध्ये १०,००० पौंडांपर्यंतची निव्वळ चूक, ती जाणूनबुजून केलेली नसेल तर, पुढच्या विवरणपत्रात दुरुस्त करता येते.

कागदी अर्ज आता बहुतेक देशांतून हद्दपार झाला आहे. जर्मनीत एल्स्टर या संकेतस्थळावरून विवरणपत्र जाते. ब्रिटनमध्ये एप्रिल २०२२ पासून साधारणपणे सर्वच नोंदणीकृतांना वह्या डिजिटल ठेवून मान्य सॉफ्टवेअरमधूनच सादरीकरण करावे लागते. इटलीने २०१९ पासून व्यावसायिकांमधील बिलेच सरकारी यंत्रणेमार्फत पाठवणे बंधनकारक केले. त्यामुळे विवरणपत्र येण्याआधीच प्रशासनाला विक्री कळते. यात आकडे पुन्हा पुन्हा लिहिण्याचा त्रास वाचतो. परंतु सॉफ्टवेअरचे शुल्क आणि ते शिकण्याचा वेळ एकट्याच्या व्यवसायाला जड जातो, हेही खरे. शिवाय खर्च व्यवसायाचा की घरचा, हे यंत्र ठरवत नाही.

व्यवसाय बंद झाला किंवा नोंदणी रद्द केली, की अंतिम विवरणपत्र द्यायचे असते. ज्यावर पूर्वी वजावट घेतली तो शिल्लक माल आणि उपकरणे त्या दिवशी स्वतःलाच विकली असे मानून त्यावर कर आकारण्याची पद्धत अनेक देशांत आहे. ब्रिटनमध्ये असा कर १,००० पौंडांहून कमी निघाल्यास तो सोडून दिला जातो. त्यानंतरही बिले आणि वह्या सामान्यतः सहा वर्षे जपून ठेवाव्या लागतात.