रक्तातलं की सरावातलं?

शिनाणे, म्हणजे खडकाला चिकटलेले शिंपले, काढायला खडकाकडे बुडी मारणाऱ्याला पाहून गोव्यात सहज म्हटलं जातं, "दर्या त्याच्या रक्तातच आहे." पण सरावाने कमावलेलं आणि जनुकांतून आलेलं, दोन्ही वरून सारखंच दिसतं. फरक कळतो तो त्याच समाजातल्या, सराव नसलेल्या माणसाला तपासल्यावर. इंडोनेशियातल्या, समुद्रात बुड्या मारून जगणाऱ्या बजाऊ लोकांवरचा २०१८चा अभ्यास याच कारणासाठी महत्त्वाचा. शेजारच्या सालुआन लोकांपेक्षा बजाऊंची प्लीहा (पोटातला रक्त साठवणारा अवयव) सुमारे ५० टक्के मोठी निघाली, आणि बुडी न मारणाऱ्या बजाऊंचीसुद्धा! श्वास रोखल्यावर प्लीहा आकसून तांबड्या पेशी रक्तात सोडते, तो साठा त्यांच्याकडे जन्मतःच जास्त.

उन्हाची सवय मात्र कमावलेली. एप्रिल-मेमध्ये नवा कामगार उन्हात आला, की पहिल्या दिवशी त्याला पूर्ण कामाच्या २० टक्केच काम द्यावं, मग रोज २०-२० टक्के वाढवावं. आठवडा ते दोन आठवड्यांत घाम लवकर सुटतो, त्यातलं मीठ घटतं, रक्तातलं पाणी वाढतं. दोन-तीन आठवडे सुटीवर गेला की यातलं बरंचसं ओसरतं, म्हणून परतल्यावर पुन्हा हळूहळूच सुरुवात.

खरी गफलत होते ती उंचीवर. जनुकीय देणगी म्हणजे सरावाचीच वाढीव आवृत्ती, असं अनेकांना वाटतं, आणि तिबेटी लोक ते सपशेल खोटं ठरवतात. गोव्यातल्या मोपा विमानतळावरून निघून ३५०० मीटरवरच्या लेहला पोचलेल्या गोंयकाराचा श्वास काही तासांतच वाढतो आणि पुढच्या आठवड्यांत रक्तातलं प्राणवायू वाहणारं हिमोग्लोबिन चढत जातं. ते फार चढलं तर रक्त दाट होऊन हृदयावर ताण येतो. तिबेटींच्या ईपीएएस१ जनुकाचं रूप हीच चढण आवरतं. त्याच उंचीवर त्यांचं हिमोग्लोबिन आपल्यापेक्षा कमी राहतं. हे रूप डेनिसोव्हन या लुप्त मानवांकडून आल्याचं २०१४ साली दिसून आलं.

आपल्याकडे ते नाही, आणि रोज मिरामारला धावल्यानेही येत नाही. तेव्हा लेहला पहिले दोन दिवस विश्रांतीच घ्यावी. पुढे झोपायची जागा रोज ५०० मीटरपेक्षा जास्त उंच नेऊ नये, दर तीन-चार दिवसांनी एक दिवस मुक्काम करावा. बसल्या जागी धाप लागली किंवा चालताना तोल जाऊ लागला, तर सकाळची वाट न पाहता लगेच खाली उतरावं.