ताक फुंकून पिणारा मेंदू

इराकच्या युद्धातून घरी परतलेल्या कित्येक अमेरिकी सैनिकांची गाडी चालवण्याची तऱ्हाच बदललेली असे. हायवे मोकळा असला तरी गाडी मधोमध, वेग भन्नाट. पुलाखालून जाताना ऐन वेळी लेन बदलायची. कडेला कचऱ्याची काळी पिशवी किंवा मेलेलं कुत्रं दिसलं की स्टिअरिंग झटक्यात उलट्या बाजूला. शेजारी बसलेल्या बायकोचा जीव मुठीत.

यात वेडेपणा काही नाही. तिकडच्या रस्त्यांवर बॉम्ब अशाच पिशव्यांत, मेलेल्या जनावरांत दडवलेले असत. मधून सुसाट जाणाऱ्याची वाचण्याची शक्यता जास्त. वॉल्टर रीड या लष्करी संशोधन संस्थेने परतणाऱ्यांसाठी 'बॅटलमाइंड' नावाचं प्रशिक्षण तयार केलं, त्यात या ड्रायव्हिंगबद्दलही सांगितलेलं होतं. तिकडे ज्याने तारलं, तेच इकडे गोत्यात आणतं.

दुधाने तोंड पोळलं की ताकही फुंकून प्यावं, हे आपण शहाणपण म्हणून सांगतो. मेंदूतली अमिग्डाला ही बदामाएवढी गाठ तेच करते. समोर नेमकं काय आहे हे उमगायच्या आत ती घंटा वाजवते, नॉरॲड्रेनॅलिन हे शरीराला सावध करणारं रसायन उसळतं, छाती धडधडते. 'अरे, हे बगदाद नाही, ओहायो आहे' असं सांगायला हिप्पोकॅम्पस हा मेंदूचा दुसरा भाग लागतो. स्थळकाळाचा हिशेब त्याच्याकडे. पीटीएसडीमध्ये, म्हणजे आघातानंतरच्या तणावविकारात, हाच हिशेब चुकतो.

या रुग्णांचा हिप्पोकॅम्पस लहान दिसतो. तो युद्धाने आक्रसला, की मुळातच तसा? २००२ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात व्हिएतनाममध्ये लढलेले सैनिक आणि युद्धावर न गेलेले त्यांचे एकसारखे जुळे भाऊ तपासले होते. तीव्र पीटीएसडी असलेल्यांचा हिप्पोकॅम्पस लहान होताच. पण युद्ध न पाहिलेल्या भावाचाही! यावरून कुणी म्हणेल, गडी मुळातच कच्चा. मला ते पटत नाही. तसाच मेंदू घेऊन भाऊ त्या आजाराशिवाय जगत होता की.

उपचारात भीती पुसली जात नाही. मानसशास्त्रज्ञ एडना फोआ यांच्या पद्धतीत भीतीला मुद्दाम, हळूहळू सामोरं जायचं असतं. समजा, पिशवीपासून दूर गाडी थांबवून बसायचं, धडधड ओसरेपर्यंत. पुढच्या खेपेला थोडं जवळ. कपाळामागचा प्रीफ्रंटल कॉर्टेक्स नवा धडा गिरवतो: पिशवीत कचराच आहे. जुना धडा मात्र खाली तसाच राहतो. म्हणून महिनोन्महिने नीट गाडी चालवणारा माणूस एखाद्या रणरणत्या दुपारी, डिझेलचा वास नाकात शिरताच, पुन्हा स्टिअरिंग फिरवतो.