कालगणना, धर्म आणि राजसत्ता

आज तारीख कोणती हा प्रश्न वरवर साध्या हिशोबाचा वाटतो, पण इतिहासात हा हिशोब करणारा एक, तो पाळणारे दुसरे आणि त्यावर शिक्का मारणारा तिसराच असायचा. गणित ज्योतिष्याचं, सणवार धर्माचे, आणि सारा वसुलीची तारीख सरकारची. या तिघांचं जमलं तर कॅलेंडर चालतं, नाहीतर गणित कितीही बरोबर असू दे, ते कागदावरच राहतं.

धर्म विरुद्ध विज्ञान म्हटलं की सगळे लगेच गॅलिलिओवर येतात, १६३३ चा खटला वगैरे. पण त्याच रोममध्ये ५१ वर्षं आधी चर्चनंच खगोलशास्त्रज्ञांना हाताशी धरून जगाचं कॅलेंडर बदललं होतं. ज्युलियन वर्ष ३६५.२५ दिवसांचं, खऱ्या ऋतुवर्षापेक्षा साधारण ११ मिनिटं जास्त, म्हणजे १२८ वर्षांत एक दिवस इकडचा तिकडे. सोळाव्या शतकापर्यंत वसंतसंपात, म्हणजे वसंतातला दिवस-रात्र सारखे होण्याचा दिवस, २१ मार्चवरून ११ मार्चला सरकला होता आणि ईस्टरचा दिवस संपात आणि पौर्णिमा बघून ठरत असल्यामुळे सगळाच घोळ. मग पोप तेरावा ग्रेगरी यानं १५८२ च्या फेब्रुवारीत फर्मान काढलं, योजना मुळात लिलिअस या इटालियन वैद्याची, ती तपासून समजावून सांगण्याचं काम क्लाव्हियस या जेझुइट गणितज्ञाचं. ४ ऑक्टोबर १५८२ गुरुवार, आणि दुसऱ्या दिवशी शुक्रवार १५ ऑक्टोबर. वार तसाच, तारखा दहा गायब. पुढे गॅलिलिओच्या शिक्षेनंतर २२ वर्षांनी, १६५५ मध्ये, कासिनी या खगोलशास्त्रज्ञानं इटलीतल्या बोलोन्याच्या सान पेत्रोनियो चर्चच्या फरशीवर सूर्य मोजायची रेषा आखली, छताजवळच्या भोकातून कवडसा त्या रेषेवर पडायचा. म्हणजे चर्च हीच वेधशाळा. सूर्य मोजायला चर्चची ना नव्हती, तो मध्ये आहे असं म्हणायला होती :)

हे कॅलेंडर कोणी कधी घेतलं ते मात्र गणितावर ठरलं नाही. स्पेन, पोर्तुगाल, पोलंड यांनी लगेच घेतलं कारण राजे कॅथलिक. खगोलशास्त्रज्ञ केप्लर स्वतः प्रोटेस्टंट असून नव्या गणनेच्या बाजूनं होता, तरी जर्मनीतली प्रोटेस्टंट राज्यं १७०० पर्यंत हलली नाहीत. ब्रिटन १७५२ ला आलं. रशियात तर क्रांती व्हावी लागली, ३१ जानेवारी १९१८ नंतर थेट १४ फेब्रुवारी, म्हणून तिथली ऑक्टोबर क्रांती नोव्हेंबरात साजरी व्हायची आणि रशियन चर्चचा नाताळ अजून ७ जानेवारीलाच आहे. फ्रान्सनं उलटा प्रयोग केला, १७९३ मध्ये रविवारच काढून टाकून दहा दिवसांचा आठवडा आणला, गणितज्ञ सोबतीला होतेच, पण लोकांना सुट्टी दहाव्या दिवशी. नेपोलियननं १८०६ च्या १ जानेवारीपासून ते गुंडाळलं.

आपल्या किनाऱ्यावर याचा मजेशीर परिणाम दिसतो. मुंबई पोर्तुगिजांकडे होती तोवर तिथे पोपचं कॅलेंडर, १६६५ मध्ये इंग्रजांनी ताबा घेतला आणि तारीख दहा दिवस मागे गेली, वसई मात्र १७३९ पर्यंत पोर्तुगिजांचीच. खाडीच्या अलीकडे ५ तारीख आणि पलीकडे १५, चंद्र तोच, भरती-ओहोटी तीच. म्हणूनच मराठ्यांच्या इतिहासातल्या तारखा वाचताना जपावं लागतं. शिवराज्याभिषेक ज्येष्ठ शुद्ध १३ शके १५९६, हेन्री ऑक्झिंडेन हा इंग्रजांचा दूत रायगडावर हजर होता आणि इंग्रजांच्या हिशोबानं तो दिवस ६ जून १६७४, तोच दिवस आजच्या कॅलेंडरनं १६ जून. शिवजन्माची १९ फेब्रुवारी १६३० पण जुन्या पद्धतीची, नव्यानं १ मार्च होते. तिथी आणि तारखेवरून दर वर्षी भांडणारे दोन्ही पक्ष हे सहसा बोलत नाहीत.

महाराजांनी राज्याभिषेक शकच सुरू केला, तो याच अर्थानं बघायला हवा. नवा शक सुरू करणं म्हणजे नाणं पाडण्यासारखंच, मी सार्वभौम आहे हे सांगणं. पण दफ्तरात शुहूर सन पेशवाईतही चालूच राहिला, सौर वर्षाचा, अरबी आकड्यांचा आणि सूर्य मृगात शिरला की बदलणारा. कारण सोपं आहे, हिजरी वर्ष सौर वर्षापेक्षा साधारण ११ दिवसांनी छोटं, त्यावर सारा वसूल करायला गेलात तर काही वर्षांत पीक उभं असतानाच हप्ता मागायची पाळी. इथे धर्म कोणाचा हा प्रश्नच नाही, पेरणी कधी हा आहे.

खरी रंगतदार भांडणं एकोणिसाव्या शतकातली. महाराष्ट्रातली पंचांगं तेव्हा ग्रहलाघवावर चालायची, कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांचा १५२० च्या सुमाराचा ग्रंथ, गणित इतकं सुटसुटीत की ज्योतिषी पिढ्यान् पिढ्या तेच वापरत राहिले आणि चुका साचत गेल्या. १८६५ पासून केरो लक्ष्मण छत्रे यांनी आधुनिक वेधांवरून पंचांग काढायला घेतलं, पटवर्धनांच्या आश्रयामुळे ते पटवर्धनी पंचांग म्हणून ओळखलं गेलं. शास्त्रीमंडळींचा आक्षेप काय, तर ‘बाणवृद्धी रसक्षय’, म्हणजे तिथी ६० घटकांपेक्षा (म्हणजे एका दिवसापेक्षा) फार तर ५ नं वाढते आणि ६ नं घटते, आणि नव्या गणितात ती ७ नं वाढते, १० नं घटते, मग श्राद्ध आणि एकादशीचे सगळे नियम कोलमडणार. गंमत अशी की ग्रहणाच्या बाबतीत हेच लोक नवं गणित घ्यायला तयार, कारण ग्रहण गावातल्या पोरालाही दिसतं, चुकलं तर हसं होतं. एकादशी कोणाला आकाशात दिसत नाही.

छत्र्यांचे डेक्कन कॉलेजातले विद्यार्थी म्हणजे टिळक, त्यांनी हा विषय पुढे लावून धरला. पण सुधारकांतच फाटे फुटले. राशिचक्र कुठून मोजायचं? टिळकांचा गट रेवती नक्षत्राच्या योगतारेपासून, म्हणजे मुख्य ताऱ्यापासून, व्यंकटेश बापूजी केतकर चित्रा तारा १८० अंशांवर धरून, दोघांत सुमारे चार अंशांचा फरक, सूर्य दिवसाला साधारण एक अंश चालतो म्हणजे संक्रांतीत चारेक दिवस. विसाजी रघुनाथ लेले, जनार्दन बाळाजी मोडक आणि शंकर बाळकृष्ण दीक्षित हे सायनवाले, त्यांचं म्हणणं ताऱ्यांना सोडा, ऋतू धरा. माझ्या मते तर्काला धरून हेच होते, आणि लोकांनी सगळ्यात कमी ऐकलं यांचंच. परिषदा झाल्या पण निर्णय लादणारं कोणी नव्हतं, इंग्रज सरकार या वादात पडलं नाही, शंकराचार्यांच्या पीठांनाही तेवढा वचक नव्हता. गणिती होते, धर्म होता, शिक्का नव्हता.

शिक्का आला स्वातंत्र्यानंतर. नोव्हेंबर १९५२ मध्ये मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली, तिच्यात नागपूरचे के. ल. दप्तरी आणि पुण्याचे ज. स. करंदीकर हे मराठी सभासद. देशात तेव्हा तीसेक पंचांगं चालू होती. साहा स्वतः कट्टर विज्ञानवादी, तरी समितीनं तडजोड केली: सरकारी दिनदर्शिका सायन, संपाताच्या दुसऱ्या दिवसापासून सुरू होणारी, आणि सणांसाठी चित्रापक्षाचं निरयण, म्हणजे ताऱ्यांवरून मोजायचं, गणित तसंच ठेवायचं. म्हणून उत्तरायण खरं २२ डिसेंबरच्या आसपास सुरू होतं आणि तिळगूळ आपण १४ जानेवारीला वाटतो. २२ मार्च १९५७ हा १ चैत्र १८७९ म्हणून जाहीर झाला. गॅझेटवर, आकाशवाणीवर ती तारीख आली, चेकवर शकाची तारीख लिहिली तरी बँकेला तो चालतो, पण लिहितंय कोण.

एकीकडे सरकारचं कॅलेंडर सणांनी घेतलं नाही, दुसरीकडे सणांचं पंचांग कोणी सक्ती न करता बरंचसं एक झालं, कारण छापून घरोघर पोचलेली दाते वगैरे पंचांगं चित्रापक्षीच. रेवतीपक्षाचं टिळक पंचांग पाळणारी घरं रत्नागिरीकडे अजून आहेत. राशिचक्राच्या आरंभातल्या त्या चार अंशांच्या फरकामुळे एखाद्या वर्षी अधिक महिना वेगळा पडतो, आणि मग एकाच आळीत शेजारच्या घरची दिवाळी महिनाभर आधी उरकलेली असते.