कोरड्यामागची मरीआई: पोतराजाची पार्श्वभूमी
मंगळवारी किंवा शुक्रवारी बाजारपेठेत गुबूगुबू आवाज येऊ लागला, की लहान मुले आजही आईच्या पदरामागे दडतात. डोक्यावर मरीआईचा देव्हारा घेतलेली बाई काठी घासून ते वाद्य वाजवत असते आणि तिच्यापुढे, कमरेला खणांचा घागरा, पायांत घुंगरू, कपाळभर हळदकुंकू, मोकळे सोडलेले लांब केस अशा वेशातला पोतराज स्वतःच्याच उघड्या पाठीवर कोरडा ओढत असतो. मुठीशी जाड आणि टोकाकडे निमुळता होत गेलेला हा वळलेला दोर हवेतच कडाडतो, तरी पाठीवर उठणारे वळ खरे असतात. शहरात त्याला कडकलक्ष्मीवाला म्हणतात.

तेलंगणात बोनालूच्या उत्सवात हळद माखून आसूड फिरवणारा पोतराजू ग्रामदेवतांचा भाऊ मानला जातो. आपल्याकडील पोतराजाचे नाव आणि कोरडा त्याच्याशी इतके जुळतात, की दोघांचे मूळ एकच असावे. महाराष्ट्रात त्याची देवी मरीआई, म्हणजे पटकीची (कॉलऱ्याची) देवी. १८१७ मध्ये बंगालमध्ये उसळलेली पटकी पुढच्याच वर्षी मुंबईपर्यंत आली आणि नंतर शतकभर पुन्हा पुन्हा येत राहिली. रॉबर्ट कॉख यांनी तिचे जंतू १८८४ साली कलकत्त्यात ओळखले खरे, परंतु खेड्यापाड्यांत त्यानंतरही कितीतरी वर्षे देवीचा कोप गावाच्या वतीने अंगावर झेलणारा माणूस हाच आधार वाटत होता. हे काम महार आणि मांग समाजांच्या वाट्याला आले. नवसाने देवीला वाहिलेल्या मुलाच्या केसांना कात्री लागत नसे. एरवी ज्याची सावलीही नको असे, त्याच्यापुढे साथीच्या दिवसांत गाव हात जोडी. मला तर कोरड्यापेक्षा हेच अधिक धक्कादायक वाटते.

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी धम्मदीक्षा घेतल्यानंतर अनेक महार कुटुंबांनी देव्हारे आणि कोरडे टाकून दिले. मातंग (मांग) समाजातील काही घरांत मात्र प्रथा टिकून राहिली. दरम्यान पटकीची दहशत ओसरली, तसा गावाने दिलेला मानही गेला आणि हाती उरली फक्त भिक्षा. कार्यकर्त्यांनी समजावल्यावर केस उतरवणारे पोतराज आहेत, पण केस गेले की त्याच दिवसापासून झोळीत पडणारे पीठही थांबते.