रेट्रो कन्सोल एम्युलेशन : छोट्या संगणकावरील

जुन्या व्हिडिओ गेम यंत्राचे सोंग आजच्या संगणकाने वठवणे म्हणजे एम्युलेशन. मूळ यंत्रातला प्रोसेसर, चित्र काढणारी चिप आणि आवाजाची चिप यांची कामे एक प्रोग्रॅम करतो. गेम मात्र कॅसेटमधला जसाच्या तसा असतो आणि आपण अजून जुन्याच यंत्रात आहोत या समजुतीत चालत राहतो. असा प्रोग्रॅम, म्हणजे एम्युलेटर, चालवायला मोठा संगणक लागत नाही. एटीएम कार्डाएवढ्या पाटीवर सगळे भाग बसवलेला सिंगल बोर्ड संगणक पुरतो. त्यांत सर्वांत रुळलेला रास्पबेरी पाय, थोडक्यात ‘पाय’. खान्देशात, म्हणजे जळगाव, धुळे, नंदुरबारकडे, हा उद्योग करणाऱ्याला चिपचा वेग क्वचितच अडवतो. अडवतात ते चार्जरची वायर, मे महिना आणि लहानपणच्या टीव्हीची सवय. म्हणून या नोंदीत जास्त जागा त्यांनाच दिली आहे.

पूर्वपीठिका : निन्टेन्डोचे फॅमिकॉम हे यंत्र जपानमध्ये १५ जुलै १९८३ रोजी विक्रीला आले; १९८५ मध्ये तेच एनईएस या नावाने अमेरिकेत गेले. आपल्याकडे १९९०च्या दशकात ‘टीव्ही गेम’ म्हणून जे घरोघरी आले, ती बहुतेक त्याची नक्कल होती. तिच्या कॅसेटला फॅमिकॉमसारख्याच ६० पिना असत. ‘९९९९ इन १’ असे छापलेल्या कॅसेटमध्ये खरे गेम थोडेच, बाकी त्यांचीच नावे फिरवून लावलेली. आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) मामाच्या गावी जमलेल्या पोरांनी टीव्हीमागची अँटेनाची वायर उपटायची, तिथे गेमची खोचायची आणि चॅनलचे बटण फिरवत मारिओ सापडेपर्यंत पडद्यावरच्या मुंग्या बघायच्या, हा तेव्हाचा रिवाज. आज पाय विकत घेणारा चाळिशीतला माणूस बहुधा तेच शोधत असतो. नवल आकाराचे आहे. ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ (१९८५) हा गेम अवघा ४० केबींचा. आताच्या ३२ जीबी कार्डावर तो आठ लाख वेळा मावेल.

वेगाचा घोटाळा : सगळे नीट जोडून पहिला गेम सुरू केला की अनेकदा पहिली तक्रार येते, ‘हाऊ भलताच पयस भो!’ गेम फार पळतो. दोष एम्युलेटरला दिला जातो, पण बहुतेक वेळा तो निर्दोष असतो. मूळ गेम तेवढाच पळायचा. हळू होता तो आपल्या घरातला.

जपान आणि अमेरिकेतील टीव्ही एनटीएससी पद्धतीचे, सेकंदाला सुमारे ६० चित्रे दाखवणारे. भारतातले पाल पद्धतीचे, ५० चित्रांचे. फॅमिकॉमचे बहुतेक गेम एका चित्रामागे एक पाऊल टाकतात : मारिओ किती सरकला, गोळी कुठे पोचली, गाण्याचा पुढचा सूर कोणता, हे सगळे चित्र बदलताना ठरते. पाल टीव्हीसाठी बनवलेल्या नकली यंत्रांत चित्रामागे २६२ ऐवजी ३१२ ओळी असत, त्यामुळे दोन पावलांमधली वाट लांबे. परिणामी गेम सहापैकी पाच भाग वेगाने चाले. जपानी पोराला पाच मिनिटे लागणाऱ्या टप्प्याला इथल्या पोराला सहा लागत. गंमत आवाजाची आहे. या यंत्रांचा प्रोसेसर १.७७ मेगाहर्ट्‌झवर चाले, मूळचा १.७९ वर. म्हणजे स्वर जेमतेम एक टक्का उतरत आणि कानाला कळत नसत. पण सूर बदलण्याची चाल चित्रांना बांधलेली, म्हणून ती संथ. राग तोच, लय विलंबित. युरोपात अधिकृतपणे विकलेल्या पाल एनईएसमध्ये प्रोसेसरच १.६६ मेगाहर्ट्‌झवर आणला होता, तिथे स्वरही खाली येत.

यावर उपाय तयार आहे. अनेक एम्युलेटर एकत्र चालवणाऱ्या रेट्रोआर्क या प्रोग्रॅममधील नेस्टोपिया आणि एफसीईयूएमएम या एनईएसच्या एम्युलेटरांत प्रदेश निवडताना ‘डेंडी’ असा पर्याय दिसतो. डेंडी हे रशियात १९९२ पासून विकले गेलेले याच जातीचे नकली यंत्र. तो पर्याय निवडला की गेम ५० चित्रांवर येतो. टीव्हीही ५० हर्ट्‌झवर आणावा, नाहीतर ५० चित्रे ६० मध्ये कोंबताना पडदा सरकतो तेव्हा झटके दिसतात. गेम बनवणाऱ्याच्या मनातला वेग हवा असेल तर ६० बरोबर. पण आठवणीसाठी खेळणाऱ्याने लाज न बाळगता डेंडी लावावे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

पाटीची निवड : पहिला रास्पबेरी पाय २९ फेब्रुवारी २०१२ रोजी आला. आठ आणि सोळा बिटी यंत्रांचे, म्हणजे फॅमिकॉम, मेगा ड्राइव्ह (१९८८), सुपर फॅमिकॉम (१९९०) यांचे बहुतेक गेम पाय झिरो २ डब्ल्यू (२०२१) सुद्धा चालवतो. पहिल्या प्लेस्टेशनसाठी (१९९४) पाय ३ पुरे. निन्टेन्डो ६४ आणि ड्रीमकास्ट या यंत्रांना पाय ४ (२०१९) किंवा पाय ५ (२०२३) हवा, तरी काही गेम अडखळतातच.

मांडणी : रेट्रोपाय, रिकॉलबॉक्स, बाटोसेरा आणि लाका या तयार प्रणालींपैकी एक रास्पबेरी पाय इमेजरने मायक्रो एसडी कार्डावर उतरवायची, कार्ड खोचायचे आणि वीज द्यायची. रेट्रोपायची ४.८ ही तयार आवृत्ती मार्च २०२२ मधली असल्याने तिच्यात पाय ५ धरलेला नाही. पहिल्यांदा सुरू होताच ती एकेका बटणाचे नाव घेऊन पॅडवर ते दाबायला सांगते. जे बटण आपल्या पॅडला नाहीच, त्याच्या वेळी कुठलेही एक बटण काही क्षण दाबून धरले की यादी पुढे सरकते. हे माहीत नसल्याने लोक इथेच अडकून बसतात. त्यानंतरच्या मेनूत फॅमिकॉम, प्लेस्टेशन वगैरे काहीच दिसत नाही म्हणूनही घाबरू नये. ज्या यंत्राच्या फोल्डरात गेम आहे त्याचेच नाव दिसते, तेही मेनू पुन्हा सुरू केल्यावर. गेममधून बाहेर पडायला सिलेक्ट आणि स्टार्ट एकत्र दाबतात.

वीज : पडद्याच्या कोपऱ्यात विजेचे पिवळे चिन्ह चमकले की पायला मिळणारे व्होल्टेज ४.६३ च्या खाली गेले असे समजावे. खेड्यावर असे झाले की ‘आज लाईट डिम आहे’ म्हणून दोष महावितरणला जातो. बहुधा तो चुकीचा असतो, कारण चांगला चार्जर १०० ते २४० व्होल्टपर्यंत कशावरही चालतो. खरा चोर बारीक वायर. वायरीचा रोध ०.२ ओहम धरला, तर अडीच अँपिअर प्रवाहाला अर्धा व्होल्ट तिच्यातच जिरतो आणि ५.१ चे ४.६ उरतात. मोबाइलला अशी वायर चालते, चार्जिंग थोडे सावकाश होते इतकेच. पाय मात्र आपला वेग उतरवतो आणि गेमचा आवाज फाटू लागतो. पाय ३ ला २.५ अँपिअर, पाय ४ ला ३ आणि पाय ५ ला ५ अँपिअरचा चार्जर लागतो. जळगावच्या गोलाणी मार्केटमध्ये चार्जर आणि वायर घेताना मोबाइलची कंपनी न सांगता अँपिअरचा आकडा विचारावा.

खेळताना लाईट गेली तर दोन नुकसाने होतात. कार्डावर लिहिणे चालू असेल तर फाइल बिघडते आणि पुढच्या वेळी पाय सुरूच होत नाही. दुसरे नुकसान कमी माहितीचे आहे. खेळाडूने गेममध्ये ‘सेव्ह’ केले, तरी रेट्रोआर्क ती नोंद मूळ सेटिंगप्रमाणे लगेच कार्डावर लिहीत नाही. गेम बंद करताना लिहिते. त्यामुळे तीन तास खेळून चार वेळा सेव्ह केलेलेही एका क्षणात जाते. सेटिंगमध्ये सेव्हरॅम, म्हणजे ही सेव्हची नोंद, आपोआप लिहिण्याचे अंतर शून्याऐवजी काही सेकंद ठेवले की हे टळते. घरी इन्व्हर्टर असेल तर त्याचा खटका यूपीएसवर ठेवावा. साध्या मोडवर विजेची अदलाबदल सावकाश होते आणि तेवढ्यात पाय बंद पडून पुन्हा सुरू होऊ शकतो. कार्डाची एक जादा प्रत मात्र काढून ठेवावीच.

ऊन : पाय ४ चा प्रोसेसर ८० अंशांना पोचला की स्वतःचा वेग कमी करतो. थंड गावात ही मर्यादा लांब वाटते. चिप खोलीपेक्षा ४० अंशांनी तापते असे धरले, तर २५ अंशांच्या खोलीत ती ६५ वर राहील. भुसावळला मे महिन्यात पत्र्याच्या खोलीत ४३ अंश असताना तीच ८३ वर जाईल. सकाळी सुरळीत चाललेला निन्टेन्डो ६४ चा गेम दुपारी रखडतो त्याचे कारण इतके साधे असते. प्लास्टिकची बंद पेटी टाळावी, चिपवर ॲल्युमिनियमचा हीट सिंक आणि छोटा पंखा बसवावा. काही जण पाटी कूलरच्या झोतात ठेवतात, ते करू नये. कूलरची हवा दमट असते आणि पाणी क्षाराचे असेल तर उडालेल्या थेंबांचा पांढरा थर पिनांवर बसतो.

जुना टीव्ही : माळ्यावरचा पिक्चर ट्यूबचा टीव्ही चालू असेल तर फॅमिकॉमची २५६ गुणिले २४० ठिपक्यांची चित्रे त्यावरच खरी शोभतात. एलसीडीवर चौकोन टोचतात. पहिल्या पायला पिवळ्या पिनेचे भोक होते. पुढे पाय ४ पर्यंतच्या मोठ्या पाट्यांत व्हिडिओ आणि आवाज एकाच ३.५ मिलिमीटर जॅकमध्ये आले. पाय ५ ला तो जॅकही नाही. त्या जॅकच्या पिनेवर टोकाकडून डावा आवाज, उजवा आवाज, अर्थ आणि शेवटी व्हिडिओ असा क्रम लागतो. बाजारातल्या दिसायला तशाच वायरींत हा क्रम वेगळा असतो. नुसता रंगांचा फेर असेल तर पिवळीऐवजी लाल पिन टीव्हीत लावून चित्र येते. अर्थची जागाच चुकली असेल तर वायर बदलावी लागते. पाय ४ वर हा मार्ग मुळात बंद असतो, तो कॉन्फिग फाइलमधून चालू करून पाल पद्धत निवडावी.

कायदा : एम्युलेटर बनवणे वा वापरणे हा गुन्हा नाही. सोनी विरुद्ध कनेक्टिक्स खटल्यात २००० साली अमेरिकेच्या अपील न्यायालयाने एम्युलेटर बनवण्यासाठी प्लेस्टेशनच्या बायोसची, म्हणजे यंत्रातच बसवलेल्या मूळ प्रोग्रॅमची, उकल करणे वैध ठरवले. पुढे कंपन्यांनीही हीच वाट धरली : निन्टेन्डोचा एनईएस क्लासिक (२०१६) म्हणजे आत लिनक्सवर चालणारा एम्युलेटर, तर सोनीच्या प्लेस्टेशन क्लासिकमध्ये (२०१८) पीसीएसएक्स रिआर्म्ड हा मुक्त एम्युलेटर आहे, पायवर वापरतात तोच. गेमची फाइल ही वेगळी गोष्ट. भारतीय कॉपीराइट कायदा, १९५७ चे कलम ५२ संगणक प्रोग्रॅमची संरक्षक प्रत काढू देते, पण ती ज्याच्याकडे मूळ प्रत कायदेशीर आहे त्यालाच. ट्रंकेत जपून ठेवलेली ‘९९९९ इन १’ इथे कामाला येत नाही, कारण ती कॅसेट मुळातच चोरीची. हौशी लोकांनी आज नव्याने लिहून मोफत दिलेले गेम मात्र बिनघोर चालवता येतात.

बंदूक : नकली यंत्राबरोबर मिळणारी प्लास्टिकची बंदूक हा प्रश्न हमखास विचारला जातो. ‘डक हंट’ (१९८४) मध्ये चाप ओढताच पडदा क्षणभर काळा होई, मग बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटे, आणि नळीतल्या प्रकाशसंवेदकाला तो नेमक्या त्या क्षणी दिसला तर नेम लागे. पिक्चर ट्यूबवर चित्र तत्काळ उमटते. एलसीडी ते उशिरा दाखवतो, तोवर बंदुकीची वेळ टळलेली असते. शिवाय तिची पिन पायच्या यूएसबीत बसत नाही. एम्युलेटरमध्ये बंदुकीऐवजी माउस लावतात. बदक पडते, चुकले की गवतातून वर येणारा कुत्रा मात्र पूर्वीसारखाच हसतो.