दुर्मीळ इंग्रजी शब्द : अर्थाची नोंद झाली, उच्चाराचे काय?

१६०४ साली निघालेला पहिला एकभाषी इंग्रजी कोश अवघड शब्दांसाठीच होता. जेमतेम अडीच हजार शब्द, पुढे त्रोटक अर्थ, उच्चार नाही. १७५५ च्या लंडनमधल्या मोठ्या कोशात आघाताची खूण आली. पूर्ण उच्चार देणारे कोश त्यानंतर रुळले, पण तोवर लेखन आणि बोलणे यांची फारकत झाली होती. अन्नसामग्रीसाठी फ्रेंचमधून आलेल्या एका शब्दात लॅटिन मूळ दिसावे म्हणून ‘सी’ घुसवला गेला. बोलताना तो ‘व्हिटल्झ’च राहिला. तो ‘व्हिक्च्युअल्स’ असा वाचणाऱ्याला दोष देता येत नाही.

रोजच्या वापरातला शब्द निदान कानावर पडतो. दुर्मीळ शब्द बोलणारे कोणी उरलेलेच नसते, तेव्हा कोश सांगेल तोच त्याचा उच्चार. अमेरिकेतल्या एका बृहत्कोशाच्या १९३४ च्या आवृत्तीत हे विलक्षण प्रकारे दिसले. घनतेसाठी मोठा किंवा लहान ‘डी’ वापरावा, अशी ‘D or d’ ही संक्षेपाची नोंद ‘डॉर्ड’ (dord) हा शब्द समजून छापली गेली. कोणीही कधी न उच्चारलेल्या या शब्दाला उच्चारही मिळाला! १९३९ मध्ये व्युत्पत्ती नसल्याने ती नोंद एका संपादकाला खटकली. १९४७ मध्ये ती गेली.

खरा वाद १९६१ चा. त्या वर्षीच्या नव्या आवृत्तीत सुमारे एक लाख नोंदी वाढल्या आणि अडीच लाख गळल्या. १७५५ पूर्वीच वापरातून गेलेले शब्द, नामांकित साहित्यातले काही सोडून, काढून टाकले. उच्चारही बदलले: आधीच्या आवृत्तीत व्यासपीठावरच्या औपचारिक भाषणाचा उच्चार प्रमाण होता, आता लोक प्रत्यक्ष बोलतात तसे पर्याय दिले गेले. प्रचलित शब्दांसाठी हे योग्यच झाले. पण ज्यांना बोलणारे नाहीत, त्यांचा प्रत्यक्ष उच्चार कुठून मिळवायचा? टीकाकार ‘एन्ट’ (ain't) सारख्या बोली रूपांना कोशात मान दिल्याबद्दल तुटून पडले. माझ्या मते त्याहून मोठे नुकसान जुने शब्द वगळण्यात होते. शब्दाची नोंद गेली की उच्चाराचा शेवटचा आधारही जातो.

सगळे एकाच खंडात बसवायचे, ही संपादकांची अडचण खोटी नव्हती. ऑनलाइन कोशाला मात्र पानांची मर्यादा नाही, आणि उच्चार आता ध्वनिमुद्रित करूनही देता येतो. १९६१ मध्ये वगळलेले शब्द उच्चारासह परत घ्यायला आता जागेचे कारण पुढे करता येणार नाही.